अकरा सेकंदांची ओवी

एप्रिल २०२१ मध्ये माझी आई गेली. करोनाच्या दुसऱ्या लाटेतले ते दिवस होते. आई सातारा जिल्ह्यातल्या एका रुग्णालयात नऊ दिवस होती, आणि त्याच आठवड्यात मलाही संसर्ग झाल्यामुळे मी पुण्यात, घरातल्या मागच्या खोलीत एकटी होते. तिचे अंत्यसंस्कार मी मोबाइलच्या पडद्यावर पाहिले. फोन भावाने धरला होता. त्याचा हात थरथरत असल्यामुळे चित्र सारखे हलत होते, आणि मध्येच नेटवर्क गेले तेव्हा ते चित्र जागच्या जागी थिजून राहिले. पुन्हा जोडले गेले तोवर सारे उरकले होते.

आमच्या माणदेशात माणूस गेले की बाया हेल काढून रडतात. गेलेल्याचे गुण, त्याच्या हातून राहून गेलेल्या गोष्टी, मागे राहिलेल्यांची होणारी परवड, हे सगळे त्या रडण्यात एका चालीवर येते. एकीचा आवाज बसला की दुसरी तो धागा उचलते, आणि दाराशी नवी पाहुणी आली की पहिल्यापासून पुन्हा सुरुवात होते. लहानपणी मला त्या रडण्याची भीती वाटायची आणि शिकल्यावर त्याची लाज वाटू लागली. आई गेली तेव्हा दारात कोणी येणे शक्यच नव्हते. दहावा चार माणसांत झाला. व्हॉट्सॲपवर जोडलेल्या हातांच्या रांगाच्या रांगा आल्या, त्या पाठवणाऱ्यांचे मन खरे होते यात मला शंका नाही; परंतु त्या रांगा वाचून झाल्यावर मला जे हवे होते ते म्हणजे तेच रडणे, ज्याची मी आयुष्यभर लाज बाळगली होती. ते मला येत नव्हते.

आईला लिहिता येत नसे. वाचताही अडखळतच यायचे. त्यामुळे तिला स्मार्टफोन घेऊन दिल्यानंतर ती मला बोललेले संदेश पाठवी. तिच्या मागे माझ्या फोनमध्ये असे त्रेचाळीस संदेश उरले. गॅस संपला, शेळी व्याली, म्हसवडच्या सिद्धनाथाच्या यात्रेला येणार का, नातीचा खोकला कमी झाला का, असे त्यांतले विषय. ते मी रात्री ऐकत असे, तेही कानात इअरफोन घालून, कारण घरातल्या कुणाला ते ऐकू जावे असे मला वाटत नव्हते. दिवसा मी शाळेत मराठी शिकवत होते, संगणकासमोर बसून मुलांना वृत्ते समजावत होते, आणि आपण पुष्कळ सावरलो आहोत असे मला स्वतःलाच वाटू लागले होते.

त्या त्रेचाळीस संदेशांमधला एक अकरा सेकंदांचा आहे. मागे कोंबड्यांचा आवाज येतो. आई एक ओळ म्हणते, अगदी हळू, जवळजवळ गुणगुणल्यासारखी:

मानदेशाच्या वाटंला, पानी दुरून दिसतं

त्यानंतर दोन सेकंद शांतता आहे. मग ती हसून म्हणते, “ऱ्हाऊ दे बाय, तू चुका काढशील.” तिथे संदेश संपतो.

हा संदेश २०१९ मधला आहे, आणि तो आला तेव्हा मी तो ऐकला होता. पुढची ओळ काय हे मी तिला विचारले नाही. मी एकोणीस वर्षे शाळेत मराठी शिकवत आले आहे. ‘न’ आणि ‘ण’ मधला फरक मी हजारभर मुलांच्या जिभेवर बसवला असेल, आणि त्याची सुरुवात मी आईपासूनच केली होती. नवीन नोकरी लागली तेव्हा माझ्या सहकारी घरी यायच्या, त्यांच्यासमोर आई “पानी देऊ का” म्हणाली की मी तिला आत जाऊन सांगत असे, “आई, पाणी म्हण.” ती “बरं” म्हणायची. पुढे पुढे पाहुणे आले की ती बोलेनाशी झाली. मला वाटले, वयोमानाने अबोल झाली.

त्या पावसाळ्यात मी तो अकरा सेकंदांचा तुकडा किती वेळा ऐकला असेन ते सांगता येणार नाही. ऑगस्टअखेर एका रात्री मी ती ओळ इंटरनेटवर शोधली. ती ओळ सापडली नाही, पण ‘पीपल्स आर्काइव्ह ऑफ रूरल इंडिया’, म्हणजे ‘पारी’, या संकेतस्थळावरचा जात्यावरच्या ओव्यांचा संग्रह सापडला. हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ या दोघांनी पुण्यातून हे काम उभे केले. पॉइतवाँ मूळचे फ्रान्सचे, पुढे भारताचे नागरिक झालेले. त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी महाराष्ट्रातल्या गावोगावी जाऊन बायांकडून एक लाखाहून अधिक ओव्या गोळा केल्या. संगीताचे फ्रेंच अभ्यासक बर्नार बेल यांच्यामुळे त्यांतल्या कित्येकींचा आवाजही ध्वनिमुद्रित होऊन राहिला. २०१७ पासून हा संग्रह ‘पारी’वर टप्प्याटप्प्याने येऊ लागला. ओवीखाली गाणारीचे नाव आणि गाव दिलेले असते. मी मराठीची शिक्षिका, लोकसाहित्य हा विषय मी पदवीला घेतला होता, आणि तरीही त्या रात्रीपर्यंत मी एकही ओवी तिच्या खऱ्या आवाजात, शेवटपर्यंत, लक्ष देऊन ऐकलेली नव्हती.

मी रोज रात्री ऐकू लागले. नवऱ्याच्या मारापासून भावाच्या ओढीपर्यंत, पंढरीच्या वाटेपासून गेलेल्या आईपर्यंत सारे काही त्यात होते, आणि ते कोणीही सजवलेले नव्हते. त्या बाया “पानी” म्हणत होत्या, “मपला” म्हणत होत्या, श्वास घेण्यासाठी ओळ जिथे तोडावी लागेल तिथे तोडत होत्या. घरात ज्या गोष्टीचा उच्चार करण्याची सोय नव्हती ती गोष्ट बाई पहाटे जात्याला सांगत असे. घरातले जागे असले तरी ते गाणे ऐकले म्हणून तिला जाब विचारायचा नाही, असा तो न बोललेला करार असे. जात्यावर बसले की ओवी सुचते, ही म्हण मी फळ्यावर लिहून तिचा अर्थ मुलांना सांगितलेला होता. काम अंगावर पडले की ते जमू लागते, असा तो पुस्तकी अर्थ. त्या म्हणीचा शब्दशः अर्थ किती खरा आहे ते मला नंतर कळले.

आईची ओळ मी स्वतः म्हणून पाहू लागले तेव्हा ‘दुरून’ या शब्दाशी माझा गळा बंद होत असे. मी आईच्या धाकट्या बहिणीला, मावशीला, फोन केला. तिचे वय तेव्हा चौऱ्याहत्तर होते, ती माण तालुक्यातच राहते. मी तिला पुढची ओळ विचारली. ती म्हणाली, “आठवंना. जातं न्हाई फुड्यात, मग ववी कुठनं यायची?” मला वाटले, ती टाळते आहे. ती टाळत नव्हती. ओवी तिच्या डोक्यात शब्द म्हणून साठवलेलीच नव्हती. ती खांद्यात आणि दंडात होती, खुंट्याच्या फेऱ्याबरोबर बाहेर येणारी.

दिवाळीत मी गावी गेले. आईचे जाते परसात उपडे पडले होते, त्यावर तुळशीची कुंडी ठेवलेली होती. गावात गिरणी आल्यापासून ते फक्त लग्नाच्या हळदीपुरते उठायचे, आणि अलीकडे तेही नाही. भाऊ म्हणाला, “ताई, हे घेऊन तू काय करणार?” मला उत्तर देता आले नाही; त्यानेच पुन्हा ते उचलून गाडीत ठेवले. जात्याचे दोन्ही दगड गुळगुळीत झाले होते. जात्याला टाकी लावून दगड पुन्हा खरबरीत करणारा माणूस आता सहज मिळत नाही. आठवडी बाजारात विचारत विचारत एका म्हाताऱ्या कारागिराचा पत्ता लागला. त्याने तासाभरात छिन्नीने दोन्ही दगडांना टाकी लावून दिली, नवा खुंटा ठोकला आणि सांगितले की पहिल्या दोन दळणांचे पीठ खाऊ नका, कच येईल.

पुण्यातल्या घरात, तळमजल्यावरच्या मागच्या गॅलरीत, मी पहाटे पाच वाजता जात्यावर बसू लागले. पहिले आठ-दहा दिवस फक्त दंड भरून यायचे. मूठभर बाजरीची वैरण घालायची, खुंटा ओढायचा, पुन्हा वैरण. फेरा एकसारखा होऊ लागेपर्यंत गाण्याचा विचारसुद्धा मनात येत नसे. मग एके दिवशी माझ्या लक्षात आले की ओढताना श्वास आपोआप सुटतो आणि खुंटा परत येताना तो भरला जातो, आणि त्या सुटणाऱ्या श्वासावर ओळ ठेवली की ती तुटत नाही. ‘दुरून’शी गळा भरून आला, तरी हात थांबले नाहीत म्हणून आवाजही थांबला नाही. तो कापरा झाला, खाली गेला, आणि पुढच्या फेऱ्याला पुन्हा वर आला. आईच्या मागे मी पहिल्यांदा मोठ्याने रडले ते असे, दळता दळता, आणि त्यातून उठले तेव्हा परातीत पीठ होते.

त्याच सुमारास मी माझी स्वतःची पहिली ओवी केली. मी ती कागदावर लिहिली नव्हती. ती तशीच आली:

तीन वाजले रातीचं, झोप येईना डोळ्याला
आईचा नंबर कसा, पुसू सांगू या बोटाला

मावशीला ती ऐकवावी म्हणून मी व्हिडिओ कॉल लावला, आणि तिथे एक अडचण आली, जिची मी कल्पना केली नव्हती. मी दळत गात होते आणि मावशी म्हणत होती, “जातं थांबिवलंस का? निस्ता तुझाच आवाज येतुया, त्योबी तुटूनतुटून.” जाते चालूच होते. माझ्या पंधरा वर्षांच्या लेकीने मला कारण समजावले. व्हिडिओ कॉलचे हे संगणकीय कार्यक्रम माणसाचे बोलणे स्पष्ट यावे म्हणून बनवलेले असतात. पंख्याची, यंत्राची, रहदारीची अशी जी सलग घरघर असते ती त्यांच्या लेखी कचरा असते आणि ते ती गाळून टाकतात. संगीत शिकवणाऱ्यांना लॉकडाउनमध्ये हाच त्रास झाला होता. तंबोरा सलग वाजतो म्हणून तोच पुसला जात असे. लेकीने सेटिंगमध्ये जाऊन ती गाळणी बंद केली, आणि पलीकडे मावशीच्या चेहऱ्यावर जात्याचा आवाज पोहोचलेला मला दिसला. ती काही बोलली नाही, तिने पदर डोळ्यांना लावला. मी मात्र त्या दिवशी शाळेत जाताना एकच विचार करत होते: ज्यावर गाणे उभे असते तेच नको असलेले म्हणून साफ करून टाकण्याचे काम मीही वर्षानुवर्षे केले होते, आणि मला ते करताना आपण मदत करतो आहोत असेच वाटत होते.

ध्वनिमुद्रण करण्याची कल्पना लेकीची. तिने मला शिकवले आणि आम्ही दोघींनी चुकत चुकत ते बसवले. फोन जमिनीवर ठेवला की दगडाचे हादरे त्यात शिरतात, म्हणून तो लाकडी स्टुलावर, घडी घातलेल्या पंच्यावर. जात्याखाली आईचीच जुनी वाकळ. तोंडापासून फोन दोन हात लांब, नाहीतर घरघर दबते आणि श्वासच मोठा होतो. पंखा बंद, फ्रिज तेवढ्यापुरता बंद. पहाटे साडेपाचच्या आत सगळे संपवायचे, कारण त्यानंतर रस्त्यावर दुधाच्या गाड्या सुरू होतात. स्वतःचा आवाज पहिल्यांदा ऐकला तेव्हा मी तो पुसून टाकायला निघाले होते. कापरेपणा, नाकातला ओलावा, मध्येच गिळलेला अक्षरभर हुंदका, सगळे त्यात होते. लेक म्हणाली, “आई, तेवढं कापून टाकता येईल. पण मग आजीसाठी गातेयस हे कळणार नाही.” आम्ही ते कापले नाही.

याच दिवसांत तिने मला आणखी एक गोष्ट सांगितली. आजी गेल्यावर कित्येक महिने ती रोज रात्री आपल्या स्टेटसवर एका गाण्याचा तीस सेकंदांचा तुकडा लावत होती. चोवीस तासांनी तो आपोआप जायचा, मग दुसरा. त्या गाण्यांच्या ओळी एकापुढे एक वाचल्या तर त्यात ती काय म्हणत होती हे स्पष्ट दिसले असते. मी ते सगळे स्टेटस पाहिले होते. पाहणाऱ्यांच्या यादीत माझे नाव तिला दिसतही होते. मी मात्र दोनदा तिला एवढेच म्हणाले होते, “परीक्षा जवळ आलीय, गाणी कमी कर.” तिच्या मैत्रिणींनी त्या गाण्यांना गाण्यांनीच उत्तरे दिली होती. कोणी काही लिहिले नव्हते, पण एकीने लावलेल्या गाण्याचा पुढचा अंतरा दुसरी लावत असे. माझ्या लेकीला सोबत मिळाली होती, ती तिथे. नव्या मुलांचे दुःख मोबाइलवर उथळ होते, असे शिक्षकांच्या खोलीत मीही अनेकदा म्हटले आहे. ते विधान मी आता करत नाही. त्या तुकड्यांमध्ये उथळ पुष्कळ असते, तयार दुःखाला तयार संगीत लावलेले असते, हे मला दिसते. पण वर्गातल्या एखाद्या मुलाच्या स्टेटसवर सलग आठवडाभर एकाच जातीची गाणी दिसली तर मी त्याला बाजूला घेऊन, गाण्याचे नाव काढून, विचारते. बहुतेक वेळा तो बोलतो.

फेब्रुवारी २०२२ मध्ये मी पहिली ओवी सर्वांना ऐकता येईल अशी इंटरनेटवर ठेवली. घरातल्या एका वडीलधाऱ्यांनी फोन करून सांगितले की घरातले रडगाणे चव्हाट्यावर मांडणे आपल्याला शोभत नाही. त्यांच्याशी मी वाद घातला नाही, पण ते वाक्य मला लागले, कारण दोन वर्षांपूर्वी मी स्वतः तेच म्हटले असते. त्यानंतर चौथ्या दिवशी एका अनोळखी माणसाने खाली लिहिले, “शिक्षिका म्हणवता आणि ‘पानी’ म्हणता? आधी शुद्ध बोलायला शिका.” त्याखाली हसणाऱ्या चेहऱ्यांची रांग लागली. कोणी त्यात आणखी पुढे जाऊन माझ्या जातीचा अंदाज बांधला. ‘न’ आणि ‘ण’ वर हसणे हे व्याकरणापुरते कधीच नसते, हे ज्यांच्या घरात ‘न’ बोलला जातो त्यांना वेगळे सांगावे लागत नाही. मी ध्वनिफीत काढून टाकली. दोन आठवडे जात्यावरही बसले नाही.

त्या काळात माझी झोप पुन्हा गेली, शाळेत हजेरी घेताना नावे विसरू लागले, आणि आमच्या नेहमीच्या डॉक्टरांनी मला मानसोपचारतज्ज्ञांकडे पाठवले. त्यांनी नीट ऐकून घेतले. लांबलेला शोक ही आता वैद्यकात स्वतंत्र नोंद आहे. जागतिक आरोग्य संघटनेच्या आजारांच्या वर्गीकरणाची जी अकरावी आवृत्ती जानेवारी २०२२ पासून लागू झाली तिच्यात तिचा समावेश आहे, आणि सहा महिन्यांहून अधिक काळ माणूस त्या ओढीतून रोजच्या जगण्याकडे वळूच शकत नसेल तर त्यावर उपचार करावे लागतात, हे त्यांनी मला समजावले. माझे काही महिने समुपदेशन झाले. हे मी मुद्दाम लिहिते आहे, कारण ओव्यांनी मला बरे केले असे कोणी समजू नये. त्या खोलीत मी प्रथम “तू चुका काढशील” हे आईचे वाक्य मोठ्याने उच्चारले. ते उच्चारायला तीन भेटी लागल्या. जाते आणि ती खोली या दोन्ही गोष्टी मला लागल्या, आणि कोणती किती कामी आली याची वाटणी मला करता येणार नाही.

ध्वनिफीत काढण्याआधी ती एका बाईंनी ऐकली होती. त्या सोलापूर जिल्ह्यातल्या, मुलगा नोकरीसाठी परदेशात. त्यांनी मला बोललेला संदेश पाठवला. त्यात फक्त एक ओवी होती, ना नाव ना प्रस्तावना:

ल्योक माझा परदेशी, दिसतो काचंच्या आत
किती पुसू काच बाई, लागंना त्याचा हात

ती ऐकून मी माझी ध्वनिफीत पुन्हा चढवली. त्यावर काय लिहिले जाईल ते जाऊ दे, असे म्हणण्याचे धैर्य मला त्या दोन ओळींनी दिले, याविषयी माझ्या मनात संशय नाही.

जून २०२२ पासून दर गुरुवारी रात्री नऊ वाजता आम्ही काहीजणी व्हिडिओ कॉलवर भेटतो. सुरुवातीला पाच होतो, आता कधी बारा, कधी पंधरा. दोघींकडे जाते आहे. बाकीच्या हाताने मांडीवर ठेका धरतात, एक बाई कणीक मळते. पहिल्याच गुरुवारी आम्ही एकत्र गायचा प्रयत्न केला आणि नुसता गोंधळ झाला, कारण आवाज एका टोकाहून दुसऱ्या टोकाला पोहोचायला जो सेकंदाचा काही अंश लागतो तेवढ्यात ताल निसटतो. समोरचीला मी मागे आहे असे ऐकू येते आणि मला ती. तेव्हा मावशीने सांगितले की जात्यावर दोघी बसतात तेव्हा दोघींनी एकदम गायचे नसतेच. एकीने ओळ टाकायची, दुसरीने ती उचलायची, आणि उचलणारीने आधीची ओळ पुन्हा म्हणून मगच आपली जोडायची. आम्ही तसे करू लागलो. यात एक गोष्ट आपसूक घडते, जी मी दुसरीकडे कुठे अनुभवलेली नाही: तुमचे दुःख तुमच्याच शब्दांत दुसरीच्या तोंडून तुम्हाला परत ऐकू येते. ती सल्ला देत नाही, धीरही देत नाही. ती तुमची ओळ म्हणते.

आमचे नियम थोडे आहेत, आणि ते ठेच लागल्यावर झाले. आमच्यातल्या एकीने स्वतःच्या समाधानासाठी एक ओवी समाजमाध्यमावर टाकली होती. कोणीतरी ती उचलून, जात्याचा आवाज पुसून, मागे व्हायोलिन घालून आणि रडणाऱ्या एका वेगळ्याच म्हातारीचे चित्र लावून फिरवली. लाखोंनी पाहिली. गाणारीचे नाव कुठेच नव्हते. तिला त्या आकड्याचा आनंद झाला नाही, ती म्हणाली, “माझ्या रडण्यात माझं काय राहिलं?” आम्ही तक्रार करून ती काढायला लावली, त्याला तीन आठवडे लागले. तेव्हापासून गुरुवारचे गाणे कोणीही मुद्रित करत नाही. ज्या ओव्या बाहेर द्यायच्या त्या गाणारीला विचारून, तिच्या नावासह, तिच्या गावासह, आणि जात्याच्या किंवा हाताच्या आवाजासकट देतो. ‘पारी’वरच्या नोंदी पाहून हे आम्ही शिकलो.

नोव्हेंबरातल्या एका गुरुवारी एका तरुण बाईची ओळ उचलायला कोणीच पुढे झाले नाही, कारण तिच्यात जगण्याचा कंटाळा नव्हता, जगणे संपवण्याचा बेत होता. आम्ही गाणे थांबवले. तिच्याशी दोघीजणी रात्रभर बोलत राहिल्या, सकाळी तिच्या बहिणीला कळवले, आणि तिच्याकडून १४४१६ या क्रमांकावर फोन करवला. ऑक्टोबर २०२२ मध्ये सुरू झालेली ती सरकारची ‘टेलि-मानस’ सेवा आहे. मराठीतून बोलता येते, पैसे लागत नाहीत. तो क्रमांक आता आमच्या प्रत्येक कॉलच्या सुरुवातीला सांगितला जातो. ती बाई पुढे तीन महिन्यांनी परत आली. ती गात नाही, ऐकते.

आईच्या ओळीचा शोध मी सोडलेला नव्हता. गेल्या उन्हाळ्यात मावशी माझ्याकडे चार दिवस राहायला आली. तिला जात्यासमोर बसवले, पलीकडून खुंट्याला मी हात लावला, आणि तिसऱ्या वैरणीला ती आपसूक म्हणाली:

मानदेशाच्या वाटंला, पानी दुरून दिसतं
रडून रडून बाई, कुनाचं शेत भिजतं

मी थांबले. “आई हेच म्हणायची?” मी विचारले. मावशी जरा वेळ विचार करत राहिली आणि म्हणाली, “ही म्या म्हनती. अक्का येगळी म्हनायची. लेकीचं म्हायेर डोळं मिटल्यावर असतं, असं कायतरी हुतं. का ती आमच्या आयची हुती?” तिला खात्रीने सांगता येईना. दुसऱ्या दिवशी पुन्हा बसलो तेव्हा तिच्या तोंडून तिसरीच ओळ आली, आणि तिचे तिलाच नवल वाटले.

आता आमच्याकडे त्या पहिल्या ओळीच्या सात जोड्या आहेत. चार मावशीच्या, दोन गुरुवारच्या बायांच्या. सातवी माझ्या लेकीची. तिला ती मावशीसमोर म्हणायची होती, म्हणून ती पहाटे उठली, तिने खुंटा धरला, आणि आजीची ओळ आजी म्हणायची तशीच टाकली. मी स्टुलावरचा फोन चालू केला. तिने “पानी” म्हटले.